भाव न करणारे गावंडे सर

आमच्या धंद्यात पहिला आकडा ऐकून 'बरं' म्हणणारा माणूस एकतर अडाणी असतो, नाहीतर लबाड. विश्वनाथ गावंडे सर या दोन्हींत बसत नव्हते. आमचं बिनसायला तिथूनच सुरुवात झाली असावी.

माझा धंदा जुन्या ट्रॅक्टरांचा आणि मोटारींचा. अमरावतीत राजापेठेत दुचाक्यांची दुरुस्ती करत करत सुरुवात केली, आता शहराबाहेर मोठं यार्ड आहे. पैसा आला, पण शहरातली वकील-प्राध्यापक मंडळी माझ्याकडे गाडी घ्यायला आली तरी मला 'गॅरेजवाला'च म्हणायची. म्हणून मी फुटबॉलचा क्लब काढला. देशपातळीवरच्या लीगचा सगळ्यात खालचा विभाग. पण खालचा असला तरी देशपातळीचा. मोठमोठ्या शहरांच्या रांगेत अमरावतीचं नाव छापून यायचं, आणि ते मी आणलेलं असायचं. त्या लीगमध्ये टिकून राहणं ही माझ्यासाठी नुसती खेळाची गोष्ट नव्हती.

कोच पाहिजे तर अकोल्याला जा, असं ज्याला ज्याला विचारलं त्यानं सांगितलं. अकोल्यात फुटबॉल जुना आहे, आणि तिथल्या कुठल्याही खेळाडूला गुरू कोण विचारलं की शेवटी गावंडे सरांचंच नाव निघायचं. सर शाळेतून निवृत्त झालेले पी.टी.चे शिक्षक. मी गेलो तेव्हा अंगणात बनियनवर बसून मेथी निवडत होते. मी घासाघीस होणार हे धरून बराच खालचा आकडा सांगितला.

''बरं,'' सर म्हणाले.

''बरं म्हंजे?''

''बरं म्हंजे येतो.''

''अहो, पन तुमचा आकडा तं सांगा!''

''तुमी सांगतला ना. मंग मी कायले अजून सांगू?''

मी चहा पिता पिता अस्वस्थ झालो. समोरचा भाव करत नाही म्हणजे आपणच जास्त बोललो, असं धरून चालायची माझी जुनी सवय. तेवढ्यात ते मेथीची काडी मोडत म्हणाले, ''एक सांगून ठेवतो, भाऊ. आपल्या मैदानावर जो संघ खेळाले येईन, थो आपल्या पोट्ट्याईसंग जेवन. एका पंगतीत.''

''जेवनच ना? जेवू द्या!'' मी हसलो. इतकी स्वस्त अट मला आयुष्यात कुणी घातली नव्हती. परतीच्या वाटेवर मूर्तिजापूर येईपर्यंत मी खुशीत होतो.

सर ठेंगणे, काळे, आणि पोटरीला अजून खेळाडूच. कंबरेचा पट्टा इतका जुना की त्याला खिळ्यानं नवी भोकं पाडलेली. शिट्टी त्यांच्या खिशात असायची, पण मी ती वाजलेली ऐकली नाही. ऊन असो नसो, हातात काळी छत्री. छत्री उघडली की सराव थांबला. मैदानाच्या पार पलीकडच्या टोकाला असलेला पोरगाही धावत यायचा आणि सगळे त्या छत्रीभोवती वाकून उभे राहायचे. चुकलेल्या पोराला सगळ्यांसमोर कधी बोलायचे नाहीत. त्याला बाजूला घेऊन पहिला प्रश्न, ''सकाळी काय खाल्लं?'' पोरगं गोंधळायचं. चुकलेल्या पासबद्दल शिवी खायची तयारी करून आलेलं, आणि इथं पोहे की पोळी याची चौकशी. मग बोलता बोलता घरचं काही निघायचं, भावाशी भांडण, बहिणीचं लग्न. पासचा विषय शेवटी एका वाक्यात.

आमच्या बाजूनं पेनल्टी असली की सर मैदानाकडे पाठ करून उभे राहायचे आणि प्रेक्षकांकडे पाहायचे. मी एकदा विचारलं, ''भीती वाटते काय मास्तर?''

''भीती नाई. गोल झाला का नाई थे लोकाईच्या तोंडावर आधी दिसते. आन् लोकाईचे तोंडं तं पाहा, काय एकेक होतात!''

मी मुद्दाम एकदा तसं उभं राहून पाहिलं. खरंच होतं. पेनल्टी हुकली तेव्हा एका वकीलसाहेबांच्या तोंडावर मला आनंद दिसला. ही गोष्ट मी सरांना सांगितली नाही.

राजापेठेच्या बाजारातला एक प्रसंग सांगतो. पोरांसाठी संत्री घ्यायला आम्ही दोघं गेलो. टोपलीवाल्या बाईनं भाव सांगितला, सरांनी पिशवी पुढे केली. मी मध्ये पडलो. ही डागी आहेत, ही आंबट निघणार, शेजारचा कमी लावतो, असं सगळं ऐकवून भाव बराच खाली आणला. बाई कुरकुरत तयार झाली. मी गाडीकडे गेलो, मागे वळून पाहिलं तर सर खिशातून काढून तिला उरलेलं देत होते.

''काहून दिले?'' मी चिडलो. ''मी इतका वेळ डोकं कायले लावलं मंग?''

''तुमचा भाव तुमी केला. झ्याक केला. पन संत्री मी घेतली ना.''

''म्हंजे मी याडा?''

''नाई बा. तुमी हुशार आहा. मले तेवढं नाई जमत.''

हे ते टोमणा म्हणून बोलत नव्हते. टोमणा असता तर मला उत्तर देता आलं असतं.

बाळापूरची गोष्ट मला आमच्या कप्तानानं, इरफाननं सांगितली. इरफान अकोल्याचा, बचाव फळीत खेळायचा, आणि सरांचा शाळेपासूनचा चेला. सर ऐन तारुण्यात असताना बाळापूरला स्पर्धा होती. अंतिम सामना. समोरच्या संघाचा टेम्पो वाटेत बंद पडला आणि मोजकेच गडी कसेबसे पोचले. आमच्या वऱ्हाडातल्या गावच्या स्पर्धांत अशा वेळी आपला खेळाडू उसना द्यायची रीत होती. द्यायचा म्हणजे सगळ्यात कच्चा द्यायचा, हे कुणी बोलत नसे पण सगळ्यांना माहीत असे. सर तेव्हा संघाचे कप्तान. ते स्वतःच पलीकडे गेले.

''आन् मंग?'' मी विचारलं.

''मंग काय भाऊ, आपल्याच टीमवर गोल केला ना सरनं! बाळापूरचे म्हातारे अजून सांगतात. घरी गेले तं सरचे वडील तीन दिवस बोलले नाई.''

''आन् सर काय म्हने?''

''सर म्हने, उसना गेलो होतो, फुकट थोडी गेलो होतो.''

इरफान हसला, पोरं हसली. मीही हसलो. त्या वेळी ती मला एका विक्षिप्त माणसाची गंमत वाटली. माल तपासायची माझी सवय, पण या गोष्टीत मला खोड दिसली नाही, हे खरं.

मोसम सुरू झाला आणि आम्ही हरू लागलो. अगदी फजिती होऊन नाही. कधी एका गोलानं, कधी शेवटच्या क्षणी. दक्षिणेतल्या एका शहरात खेळायला गेलो होतो, रेल्वेनं, दोन रात्री बसून. तिथं त्यांच्या एका कोवळ्या पोरानं आमच्या उजव्या बाजूची चाळण केली. सामना संपला, आमची पोरं मान खाली घालून बसलेली, आणि सर कुठंच नाहीत. शोधत गेलो तर समोरच्या संघाच्या खोलीत. त्या पोराच्या पाठीवर हात ठेवून मोडक्या हिंदीत सांगत होते, ''बेटा, तुम बायां पैर छुपा के रखते, वो सबसे अच्छी बात है.'' पोराला हिंदी समजत नव्हती. तो नुसता लाजून हसत होता.

बाहेर आल्यावर मी त्यांना धरलं. ''आपले पोट्टे तिथं रडून राहिले मास्तर, आन् तुमी दुसऱ्याच्या पोराची पाठ थोपटून राहिले?''

''आपल्या पोराची पाठ घरी गेल्यावर बी थोपटता येते, भाऊ. थो पोरगा पुन्हा कवा भेटन?''

परतीच्या गाडीत मी त्यांच्याशी बोललो नाही. भुसावळ सोडल्यावर त्यांनी डबा उघडून माझ्यापुढे केला, आणि मी तो घेतला, कारण भूक लागली होती.

अशा तऱ्हेनं आम्ही शेवटच्या सामन्यावर येऊन ठेपलो. गटात जो तळाला राहील तो लीगमधून बाहेर. आम्ही तळाला होतो. शेवटचा सामना घरचा, अमरावतीत. जिंकलो तर राहिलो, बरोबरी झाली तरी गेलो. समोर उत्तरेकडच्या डोंगरातला एक संघ होता. त्यांचं स्थान पक्कं झालं होतं, वर जायचं नव्हतं आणि खाली यायचं नव्हतं.

त्या संघाची तिकिटं दोन वेगवेगळ्या गाड्यांची होती. पहिली गाडी वेळेवर आली, दुसरी रखडली. तिच्यातली पोरं भुसावळला उतरली तेव्हा पुढची गाडी निघून गेली होती. सामन्याची वेळ झाली तेव्हा मैदानावर त्यांची फक्त सहा पोरं होती. सातपेक्षा कमी खेळाडू असतील तर सामना सुरूच होत नाही, असा नियम. वाट पाहण्याची मुदत संपली की आम्ही न खेळता विजयी, आम्ही लीगमध्ये, आणि त्यांना दंड. मॅच कमिशनर हातातल्या घड्याळाकडे बघत उभे होते. त्यांनी एवढंच सांगितलं की यजमान संघ लेखी राजी असेल तर सामना उद्या सकाळी घेता येईल.

मी वर प्रेक्षकांच्या पायऱ्यांवर बसलो होतो. मला तिथूनच सगळा सौदा दिसला. आमची संमती हा माल, तो माझ्याकडे. दंडाच्या भीतीनं त्यांच्या मॅनेजरला, रावत नावाच्या माणसाला, दरदरून घाम फुटलेला. सौद्यात समोरच्याची गरज किती आहे ते बघायचं असतं, आणि इतकी गरजू असामी मी फार दिवसांत पाहिली नव्हती. एक तर संमती द्यायचीच नाही. किंवा द्यायची, आणि बदल्यात म्हणायचं, रावतजी, तुमचा तो उंच फॉरवर्ड उद्या बाकावर बसू द्या. तुम्हाला तसंही काय फरक पडतो? यात मला आजही काही वावगं वाटत नाही. दोघांचं भागलं असतं.

मी उठलो, शर्ट नीट खोचला, आणि सावकाश पायऱ्या उतरू लागलो. सौद्याला घाईनं जाऊ नये. घाई केली की भाव पडतो, हे मी पोरवयात शिकलो आहे.

खाली पोचलो तेव्हा सर पेनाला टोपण लावत होते.

संघाचा अधिकृत माणूस म्हणून कागदोपत्री त्यांचंच नाव होतं. वेगळा मॅनेजर ठेवायचा खर्च नको म्हणून ते मीच घातलं होतं.

''सही केली?'' मी म्हणालो.

''हो. उद्या सकायी खेळू.''

''मले न इचारता?''

''त्याच्यात इचाराचं काय होतं भाऊ? थे पोट्टे भुसावळले उभे हायेत.''

''अहो, देयाचीच होती तं काही घेऊन तरी देयाची!''

सरांनी माझ्याकडे नीट पाहिलं. ''काय घेयाचं?'' त्यांनी विचारलं. त्यांना खरोखरच ठाऊक नव्हतं. आणि रावत समोर उभा असताना मला ते सांगता येईना.

संध्याकाळी भुसावळची पोरं आली. मैदानाच्या कडेला सरांनी गोवऱ्या पेटवून रोडगे भाजायला लावले होते, वरण आणि वांग्याची भाजी चुलीवर. दोन्ही संघ एका पंगतीत. ती डोंगरातली पोरं कणकेच्या त्या गरम गोळ्यांकडे संशयानं पाहत होती.

''ये रोडगा है बाबा,'' सर वाढता वाढता सांगत होते. ''ताकद लगा के तोडने का. फिर घी डालने का.''

''सर, ये तो पत्थर है,'' तो उंच फॉरवर्ड म्हणाला.

''तोड तोड! इरफान को भी ऐसाच तोडना पडेगा कल.''

''तोडून तं दाखव म्हना!'' इरफान पलीकडून ओरडला, आणि पंगत हसली. माझी पोरं, ज्यांचं लीगमधलं राहणं दुसऱ्या दिवशी ठरायचं होतं, ती त्या पोरांच्या पानात तूप ओतत होती. मी खांबाला टेकून उभा होतो. सर माझ्याकडे पत्रावळ घेऊन आले. मी म्हणालो, मला भूक नाही. ते पत्रावळ हातात धरून क्षणभर उभे राहिले, मग गेले.

सकाळी आमची पोरं जशी खेळली तशी मोसमभर खेळली नव्हती. इरफाननं डोक्यानं गोल केला. प्रेक्षक उभे राहिले, वकीलसाहेबसुद्धा. सामना संपत आला तरी आम्ही पुढे होतो, आणि मी मनात सरांना माफही करून टाकलं होतं. मग त्या उंच फॉरवर्डकडे चेंडू आला. त्यानं इरफानला एका बाजूला झुकवलं, दुसऱ्या बाजूनं गेला, आणि फार लांबून मारला. चेंडू वळत वळत कोपऱ्यात शिरला. पोरगा शर्ट काढून नाचत सुटला. एवढं खाऊन नाचायचं तरी नव्हतं, असं मला वाटलं.

मैदान गप्प झालं होतं. त्या शांततेत एका माणसाची टाळी ऐकू आली. मी वळून पाहिलं. छत्री काखेत धरून सर टाळ्या वाजवत होते.

बरोबरी झाली. आम्ही बाहेर.

''टाळी कोनासाठी वाजवली मास्तर?'' पोरांसमोरच मी विचारलं.

''गोलसाठी.''

''थो आपल्यावर झाला!''

''हो ना. पाह्यला मी. लय सुंदर झाला.''

त्यानंतर मी काय काय बोललो ते लिहिण्यासारखं नाही. भडकलो की मला शब्दांचं भान राहत नाही, हे माझे गिऱ्हाईकही जाणतात. सर ऐकत होते. संपल्यावर इतकंच म्हणाले, ''पोट्ट्याईचा जीव लागून होता भाऊ या खेळात. आज थ्याईले काही बोलू नका.'' मग अकोल्याची एसटी धरायला निघून गेले. त्यांचा हिशेब मी दुसऱ्याच दिवशी चुकता केला. त्या बाबतीत मला कुणी नावं ठेवू शकत नाही.

पुढे क्लब नावालाच उरला. पोरं पांगली. वकील मंडळींच्या बैठकीत माझा विषय निघाला की 'पंगतीत लीग जेवून बसला' असं म्हणून हसतात, हे मला सांगणारे लोकही आहेत. चूक माझी होती असं मी म्हणणार नाही. माझा माल दुसऱ्यानं फुकट वाटला, हे माझं म्हणणं तेव्हाही होतं आणि आजही आहे.

नंतरच्या हिवाळ्यात लीगमधला एक संघ ऐन वेळी मागे फिरला आणि ती जागा घेणार का, अशी आम्हाला विचारणा झाली. मी इरफानला फोन केला. तो म्हणाला, ''सर असले तं आमी सगळे येतो.'' सर नसले तर काय, हे त्यानं सांगितलं नाही, मी विचारलं नाही.

मी अकोल्याला गेलो. सर वाळले होते. गळपट्टा गुंडाळून खाटेवर बसलेले. खोकत होते, पण पोरांची नावं घेऊन एकेकाची चौकशी केली. मी जागेचं सांगितलं तेव्हा त्यांचे डोळे चमकले, हे मी स्वतः पाहिलं. मग मी माझी अट सांगितली. सही माझी. सामना कधी खेळायचा, वाट पाहायची की नाही, ते मी ठरवणार. आणि पंगत बंद.

सर खोकला आवरून म्हणाले, ''नाई जमनार, भाऊ.''

''इचार करा.''

''केला.''

''दोन दिवस घ्या.''

''दोन दिवसानं बी हेच सांगन मी. तुमाले उगा फोन कराले लावू काय?''

मी उठलो. उठून चालायला लागणं हा आमच्या धंद्यातला शेवटचा डाव. दुकानाची पायरी उतरेपर्यंत दुकानदार हाक मारतोच. मी इतक्या सावकाश बूट घातले की काकू, सरांच्या पत्नी, दारात येऊन विचारू लागल्या, ''पायाले लागलं काय?'' हाक आली असती तर अट मी निम्मी सोडली असती. कदाचित सगळीच. पण आधी हाक यायला हवी होती, आणि ती न येण्यात हट्ट त्यांचा होता की माझा, हे मला अजून ठरवता येत नाही.

ती जागा दुसऱ्या कुठल्या शहरानं घेतली. उन्हाळा लागता लागता इरफानचा फोन आला की सर गेले. मी अंत्ययात्रेला गेलो. गर्दी मोठी होती, कुठकुठल्या गावांहून लोक आले होते. पण त्यांची आठवण आली की मला त्या दिवसातलं काही आठवत नाही. त्यांच्या घरापुढचा बोळ तेवढा आठवतो, त्या हिवाळ्यात त्यांचा नकार घेऊन मी निघालो तेव्हाचा.

बोळ अरुंद, गाडी वळत नव्हती, उलटीच काढावी लागणार होती. सर गळपट्टा सावरत बाहेर आले. म्हणाले, ''मांगं नाली उघडी हाय, मी सांगतो तशी घ्या.'' मी काच खाली केली. आरशात ते उलटे चालत होते, दोन्ही हातांनी खुणा करत. ''येऊ द्या... येऊ द्या... थोडी डाव्या अंगाले...'' बोळ संपला, गाडी मोठ्या रस्त्यावर आली. तरी मी गिअर टाकला नाही. सर खिडकीशी आले आणि आत वाकून पाहू लागले.

''बोला,'' मी म्हणालो.

''काई नाई. गाडी काहून थांबली म्हनून आलो. मांगून ट्रक येऊन राहिला.''

असं म्हणून ते खोकत खोकत रस्त्याच्या मधोमध गेले आणि हात वर करून उभे राहिले. ट्रकवाला हॉर्न वाजवत होता, शिव्या देत होता. मी निघेपर्यंत सरांनी त्याला जागचं हलू दिलं नाही.